दोनशे चाळीस चौकोन

२ फेब्रुवारी

ढब्या,

अक्षर ओळखलंस ना? मग फाडायच्या आधी निदान पहिलं पान तरी वाच. अकरा वर्षांनी लिहितेय, शाईचे तरी पैसे वसूल होऊ देत.

तुझा पत्ता तोच आहे असं धरून चालले आहे. फोन नंबर तू बदललास. तो मिळवता आला असता, पण फोनवर तुझा आवाज ऐकला की माझी बोबडी वळेल आणि सांगायचं ते राहूनच जाईल. म्हणून पत्र.

बातमी अशी, की पाच मार्चला घराचा शेवटचा हप्ता. दोनशे चाळिसावा! ओट्यावरच्या कपाटाच्या दाराला आतून मी आलेखाचा कागद चिकटवला होता, आठवतो? तू त्याला माझी जन्मठेप म्हणायचास. वीस वर्षं दर महिन्याच्या पाच तारखेला त्यातला एक चौकोन मी पेन्सिलीने काळा केला. आता एकच पांढरा उरलाय. काल चहाला साखर काढताना तो दिसला आणि मी एकटीच खुळ्यासारखी हसत बसले. मग थोडं रडूही आलं.

आणि वीस वर्षांत एकही हप्ता चुकला नाही बरं का. माझ्या पोटाच्या ऑपरेशनात नाही, लॅबने तीन महिने अर्ध्या पगारावर ठेवलं तेव्हा नाही. आठ हजार तीनशे चौसष्ट. पहिल्या महिन्यापासून आजपर्यंत आकडा एका पैशाने हलला नाही. बाकीच्यांचे हप्ते वाढले म्हणून लोक डोक्याला हात लावून बसले, माझा तसाच राहिला. एवढी तरी पाठ थोपटून घेऊ दे मला.

माझं काम तेच, लोकांच्या कवळ्या. दातांच्या डॉक्टरांकडून तोंडाचे साचे येतात, मी त्यात प्लास्टर ओतते, मेणात एकेक दात बसवते. आता निम्म्या कवळ्या मशीनवर होतात. मालक माझ्या हाताचं तोंडभर कौतुक करतात आणि पगारवाढीचं नाव काढलं की त्यांना नेमका कुणाचा तरी फोन येतो.

आता मुद्द्याचं. बाबांच्या दोन खोल्या विकून चार लाख आले होते. त्यात तुझा वाटा होता, आईचा होता. तुम्ही दोघांनी सगळे माझ्या हातात ठेवलेत, कारण कर्ज माझ्या पगारावर मिळत होतं. वरचे दहा लाख बँकेचे. ठरलं एवढंच होतं, की आतली खोली आईची, आणि कर्ज फिटलं की अर्धं घर तुझं.

आतली खोली आईची झाली नाही. पहिल्याच महिन्यात मी तिथे भाडेकरू ठेवला. "दोनच वर्षं, जरा बस्तान बसू दे," असं तुला म्हणाले होते. आजवर चौदा भाडेकरू झाले. गंमत अशी, की मी त्या खोलीला कायम आईची खोलीच म्हणत आले, त्यामुळे तेही तसंच म्हणतात. सध्या हॉस्पिटलातली एक नर्स आहे. तिने एकदा विचारलं, "तुमच्या आई किती वर्षं होत्या इथे?" मी गॅसवर दूध ठेवलंय म्हणून उठले.

नर्सला सांगितलंय, मार्चअखेर खोली रिकामी कर. तिचं तोंड उतरलं, पण माझा इलाज नाही. ढब्या, तू ये. तुझा तो चौथा मजला आता पुरे झाला. ती खोली तुझी, अर्धं घर तुझं, कागद करून देते.

आई गेली त्या दिवशी तू म्हणालास, "जा ताई. उशीर झाला तर हप्ता चुकेल." आणि मी खरंच गेले. पाच तारीख होती. आता तेही कारण उरणार नाही. ये.

तुझी ताई


१९ फेब्रुवारी

ढब्या,

तुझं पत्र आलं. सात ओळी, लाल शाईत, आणि अक्षर तुझं नाही. मी आधी सही बघितली, मग पाकीट उलटंपालटं केलं, मग वाचलं. आता पाठ झालंय.

"ताईस. डोळ्यांना काचबिंदू आहे. समोरचं दिसतं, बाजूचं दिसत नाही, वाचता तर येतच नाही. शाळेच्या बसचं लायसन जाऊन दीड वर्ष झालं. हे खालचे दुकानदार लिहून देत आहेत, तुझं पत्रही त्यांनीच वाचलं. खोली सोडतो म्हणून मालकाला सांगितलं आहे. एकतीस मार्चला येतो. हप्ता कधीच वाढला नव्हता का?"

दीड वर्ष! गाढवा, दीड वर्ष तू चौथ्या मजल्यावरून भिंतीला हात लावत उतरतोस आणि मला कळवत नाहीस. मी कोण लागते तुझी? हे विचारायचा मला हक्क नाही हे माहीत आहे, तरी विचारते.

दुकानदारदादा, तुम्ही हे वाचताय म्हणून तुम्हालाही लिहिते. तुमचे उपकार फिटायचे नाहीत. त्याला जिन्यात एकटा सोडू नका. लहानपणी ढब्बू होता, आता कसा आहे देव जाणे.

मी तयारीला लागले आहे. आईच्या खोलीला रंग काढायचा आहे, तुला कोणता रंग हवा ते विचारणार होते. विचारलं, आणि मग तीच ओळ खोडली. दादांनी नाही सांगितलं तरी खोडलेलं मीच सांगते. खिडकीशी खाट टाकते, उजेड समोरून येईल. नर्स म्हणाली, खोलीतल्या वस्तू एकदा ठेवल्या की जागच्या हलवायच्या नाहीत, अशा माणसांना सवयीने कळतं. मी म्हटलं, आमच्या घरात गेल्या वीस वर्षांत काही हललेलंच नाही.

तुझ्या शेवटच्या ओळीचं समोरासमोर बोलू. फार जुना विषय आहे तो.

तुझी ताई


६ मार्च

ढब्या,

घाईत लिहितेय. काल बँकेत जाऊन आले. शेवटचा चौकोन काळा केला. कागदपत्रांचा थोडा घोळ आहे, त्यांच्याकडे असतोच. निस्तरायला वेळ लागेल असं दिसतं.

तू घरमालकाला सांगून महिना-दोन महिने थांबलास तर बरं. रंगारी आजारी पडलाय, खोली अजून तशीच आहे, आणि ओल्या रंगाच्या वासाने तुझं डोकं दुखेल. जिन्यात जपून.

ताई


१४ मार्च

दुकानदारदादा, हे पत्र लांब आहे. दुकानात गिऱ्हाईक असेल तर ते जाऊ द्या, मग वाचा. आवाज जरा खाली ठेवा. पण काही गाळू नका. मी कसली बाई आहे ते तुम्हालाही कळेल, त्याला इलाज नाही.

ढब्या,

रंगारी आजारी नव्हता. मी त्याला बोलावलंच नव्हतं.

पाच तारखेला मी लॅबमधून अर्ध्या दिवसाची रजा घेतली, ठेवणीतले कपडे घातले आणि घराचे मूळ कागद ठेवायला कोरी पिशवी घेऊन बँकेत गेले. कर्जाच्या टेबलावर एक तरुण मुलगी बसते. तिला म्हटलं, "माझा आज शेवटचा हप्ता. कागद परत घ्यायला आलेय." ती हसली, तिने नंबर विचारला, कॉम्प्युटरवर बघितलं, आणि तिचं हसू हळूहळू गेलं.

"मावशी, तुमचे अजून हप्ते आहेत."

"आजचा धरून?"

"आजचा सोडून. एकशे तेरा."

मी म्हटलं, "तू दुसऱ्या कुणाचं खातं उघडलंस." तिने बिचारीने स्क्रीन माझ्याकडे वळवली. माझं नाव, माझा पत्ता, आणि खाली बाकी सहा लाख नऊ हजार. मी दहा लाख घेतले होते, ढब्या. वीस लाख सात हजार भरून झालेत. आणि अजून सहा लाख बाकी. मी तिला विचारलं, मग मी वीस वर्षं काय भरत होते? ती म्हणाली, "व्याज, मावशी."

तिने कागदावर मांडून दाखवलं. मला वाटायचं, हप्ता भरला की तेवढं घर आपलं झालं. तसं नसतं. हप्त्यातून आधी त्या महिन्याचं व्याज जातं, उरलं तर मुद्दलाला. पहिल्या तीन वर्षांत मी तीन लाख भरले, त्यातले एकोणसत्तर हजार फक्त मुद्दलात गेले. मग व्याजाचा दर आठाचा दहा झाला. त्यानंतर आठ हजार तीनशे चौसष्टमधले सात हजार साडेसातशे नुसतं व्याज खायचं. घरासाठी उरायचे सहाशे. मी दर महिन्याला अख्खा चौकोन काळा करत होते, आणि घर महिन्याला सहाशेनेच माझं होत होतं. सगळं फिटेपर्यंत दहा लाखांचे साडेएकोणतीस लाख होतील. तोवर मी सदुसष्ट वर्षांची असेन.

मी तिच्यावर आवाज चढवला. "दर वाढला तर मला विचारायला नको? माझ्या परस्पर मुदत वाढवलीत?" सगळे वळून बघायला लागले. मुलगी आत गेली आणि जुनी फाइल घेऊन आली. सतरा वर्षांपूर्वीचा एक कागद काढला. त्यावर दोन चौकटी होत्या. पहिली: मुदत तीच ठेवून हप्ता वाढवावा, नवीन हप्ता नऊ हजार पाचशे नऊ. दुसरी: हप्ता तोच ठेवून मुदत वाढवावी. दुसऱ्या चौकटीत बरोबरची खूण होती.

"सही तुमचीच आहे ना, मावशी?"

माझीच होती. खुणेची शेपूट लांब ओढायची माझी सवय तुला माहीत आहे. तेव्हा हप्ता अकराशे पंचेचाळीसने वाढवला असता, तर कर्ज खरंच या पाच मार्चला संपलं असतं.

आता जे लिहायचं आहे त्यासाठी गेले आठ दिवस मी कागद घेऊन बसतेय.

तो कागद तुलाही माहीत आहे. तू तो हातात घेतला होतास.

आई तेव्हा तुझ्याकडेच राहायची, तिथे पडली, खुब्याचं हाड मोडलं. तुझी ती एकच खोली, आईची खाट चुलीला लागून. तू माझ्याकडे आलास. दारातच उभा राहिलास, आत आईच्या खोलीत भाडेकरू रेडिओ लावून बसला होता म्हणून. म्हणालास, "ताई, दिवसभर बघायला बाई मिळतेय. बावीसशे मागते. अर्धे तू दे, अर्धे मी बघतो." अकराशे. आणि मी आतून बँकेचं पत्र आणून तुझ्या हातात दिलं. "हे बघ, दर वाढला. हप्ता साडेनऊ हजार झाला. माझ्याकडे विष खायला पैसे नाहीत." तू वाचलंस. नऊ हजार पाचशे नऊ हा आकडा तिथे छापलेलाच होता. तू घडी घालून पत्र परत दिलंस आणि म्हणालास, "मग तू तरी काय करणार."

तू गेल्यावर मी टेबलाशी बसले आणि दुसऱ्या चौकटीत खूण केली. मला वाटलं, मुदत वाढेल म्हणजे वाढून किती, चार-सहा महिने. नंतरचं नंतर बघू.

म्हणजे ते अकराशे बँकेलाही गेले नाहीत आणि आईलाही नाहीत. आणि माझ्याकडे नव्हते असंही नाही. त्याच महिन्यात लॅबने माझा पगार बाराशेने वाढवला होता. ते मी तुला सांगितलं नाही. आज कुणालातरी पहिल्यांदाच सांगतेय. त्यातून गॅलरीला जाळी बसवली एवढं आठवतं. बाकीचे कुठे गेले ते मला खरंच सांगता येत नाही, आणि मला सगळ्यात जास्त तेच खातं. कुठल्या मोठ्या कामाला गेले असते तर निदान ते तुला दाखवता आलं असतं.

बाई ठेवली नाही म्हणून तू पहाटे बसवर जाताना बाहेरून कडी लावून जायचास. तुझी बायकोही कामावर, आई दुपारपर्यंत आत एकटी. तुझ्या बायकोने दोन वर्षं निभावलं, मग माहेरी गेली ती गेलीच. आई सहा वर्षं तशी पडून होती. मी महिन्यातून एकदा यायचे, फळं घेऊन. आई म्हणायची, "तुझा हप्ता जातोय ना वेळेवर? मग माझी काळजी करू नको." मी तिला हो म्हणायचे.

त्या पत्रानंतर मी बँकेचं एकही पाकीट उघडलं नाही. दरवर्षी एक यायचं, त्यात किती हप्ते उरले ते लिहिलेलं असतं म्हणे. मी ती नीट तारखेप्रमाणे कवळ्यांच्या रिकाम्या खोक्यात लावून ठेवायचे, बंदच. बँकेचं पाकीट दिसलं की मला तू दारात उभा दिसायचास. म्हणून मी आपले माझे चौकोन मोजत राहिले. या आठवड्यात सगळी पाकिटं फोडली. प्रत्येकात खरं लिहिलेलं होतं.

पहिल्या पत्रात मी मोठ्या तोऱ्यात लिहिलं, हप्ता एका पैशाने हलला नाही. लिहिताना माझ्या लक्षातच आलं नाही की तुला वेगळं सांगितलं होतं. इतकं मी ते विसरले होते. तू विसरला नव्हतास.

दादांना पुन्हा त्रास देऊन उत्तर पाठवावंस असं मी म्हणणार नाही. पण खोली सोडू नकोस. माझ्याकडे तुला द्यायला खोली नाही. नर्सचं भाडं बंद झालं तर पुढच्याच महिन्यात हप्ता चुकेल. तुझं अर्धं घर नऊ वर्षं पाच महिने लांब आहे, आणि तोवर आपण दोघं कसे असू, कोण जाणे.

ताई


२४ मार्च

ढब्या,

उत्तर मिळालं. या वेळी निम्मं दुकानदारदादांचं स्वतःचं होतं. ते जसंच्या तसं इथे उतरवते, म्हणजे त्यांनी काय लिहिलं ते तुलाही कळेल.

"पत्र वाचून दाखवलं. पुन्हा वाचा म्हणाले, पुन्हा वाचलं. मग म्हणाले, ताईला एवढंच लिहा, बाई चांगली होती. त्यांच्या खोलीत एक तारखेपासून नवीन माणूस येतोय, मालक थांबायला तयार नाही, मी बोलून बघितलं. सामान दोन पिशव्या आहे. एकतीसला सकाळी मी गाडीत बसवून देतो, संध्याकाळी पोचतील. माझं स्वतःचं म्हणाल तर, ते रागावलेले दिसले नाहीत. रागावले असते तर मला बरं वाटलं असतं."

बाई चांगली होती. म्हणजे तू तिला भेटून आला होतास. मी नाही म्हटल्यावर तिला परत जाऊन नको म्हणून सांगून आलास. हे मला आजवर कधी सुचलंच नव्हतं.

दादा, मलाही तो रागावलेलाच बरा वाटला असता.

घर विकायचंही बघितलं. दलाल येऊन भिंतींवर टकटक करून गेला. तो मोठा कारखाना बंद पडल्यापासून आमच्या बाजूची निम्मी घरं रिकामी आहेत, हॉस्पिटल आहे म्हणून भाडेकरू तरी मिळतात. तो म्हणाला, नऊ लाख, तेही गिऱ्हाईक मिळालं तर. सहा बँकेचे, मग त्याची दलाली, कागदांचा खर्च. आपल्या दोघांत मिळून अडीच. बाबांच्या खोल्यांचे चार घातले होते, तेही निघत नाहीत. आणि मग राहायचं कुठे? मालकांकडे उचल मागितली. ते म्हणाले, "ताई, मीच तुमच्याशी बोलणार होतो, पुढच्या वर्षी हातकामाचा विभाग ठेवायचा की नाही ते." मी पुढचं ऐकलं नाही.

बँकेतल्या मुलीकडे पुन्हा गेले. ओरडल्याबद्दल माफी मागितली. तिने पाणी दिलं. म्हणाली, "मावशी, दर महिन्याला थोडे जास्त भरलेत तर वर्ष-दीड वर्ष कमी होईल." किती भरणार ते तिने विचारलं नाही, मीही सांगितलं नाही.

ढब्या, तू ये. एकतीसला ये. कुठे झोपशील ते मी बघते. या वेळी नाही म्हणून पाठवणार नाही.

ताई


३० मार्च

(हे पत्र टेबलावर ठेवते आहे. नर्स तुला वाचून दाखवेल. तिला मी सांगितलंय, आधी तू हातपाय धू, चहा घे, मग वाचायचं.)

ढब्या,

तुला गाडीवर घ्यायला नर्स आली असेल. तिला मी तुझी खूण सांगितली, की डाव्या भुवईत चीर आहे, मीच लहानपणी पाटी मारून पाडलेली. आवाजावरून तुला वाटलं असेल, ताई कुठे आहे. सांगते.

आधी खोलीचं. दारापासून खाट सात पावलं, सरळ. मी डोळे मिटून चार वेळा चालून बघितलं. उजव्या हाताला कपाट, त्याला हात लावलास की कळेल, वरचे दोन कप्पे तुझे. खिडकी खाटेच्या पायाशी. मोरी दारातून बाहेर पडल्यावर डावीकडे, उंबरठा नाही. रंग काढला. पांढरा. मीच काढला, त्यामुळे छताजवळ जरा कमीजास्त झालाय, ते तुला दिसायचं नाही आणि भिंतीलाही माझी तक्रार करता यायची नाही.

वीस वर्षांत या खोलीत आपल्या घरातलं माणूस आज पहिल्यांदा झोपणार.

नर्स गेली नाही. तिला दुसरीकडे जागा मिळाली नव्हती आणि मलाही ती जायला नको होती. ती आता माझ्या खोलीत राहील. गॅलरी आहे, मोठी आहे, म्हणून भाडं जास्त येतं. आईच्या खोलीचे पाच हजार यायचे, माझ्या खोलीचे साडेसहा येतील. त्यातले अकराशे मी तिच्याकडून घेणार नाही. त्याबद्दल ती सकाळ-संध्याकाळ तुझ्या डोळ्यांत थेंब घालेल, तुला डॉक्टरकडे नेईल आणि रात्रपाळी असेल तेव्हा तुझं जेवण झाकून ठेवून जाईल. हे अकराशे बँकेला भरले असते तर बँकेतली मुलगी म्हणाली तसं वर्ष-दीड वर्ष कमी झालं असतं. नको. एकशे तेरा ते एकशे तेराच राहू देत.

मी लॅबमध्ये झोपायला जातेय. मागे प्लास्टरची पोती ठेवतात तिथे खाट टाकायला मालकांनी परवानगी दिली. राखणदाराचा पगार वाचतो म्हणून खूश आहेत, आणि त्या निमित्ताने पुढच्या वर्षीचं बोलणंही सध्या मागे पडलंय. जागा कोरडी आहे. शेगडी आहे. पांढरी धूळ सगळीकडे बसते, पण ती इतकी वर्षं तशीही माझ्या केसांत असतेच. खाट शेगडीला लागून आली. टाकताना मला आईची आठवण झाली, तुला सांगायचं नव्हतं, पण आता तुझ्यापासून काही लपवायचं नाही असं ठरवलंय.

तुला वाटेल, ताई मोठेपणा घेतेय. मोठेपणा नाही रे. मला फक्त दोन खोल्यांपैकी एकीचं भाडं सोडणं परवडत नव्हतं, आणि या वेळी खोली तुझी होती. कागदही करून ठेवलाय, टेबलाच्या खणात आहे. अर्धं घर तुझं. अर्धं कर्जही तुझं असं कुणी म्हणालं तर त्याला माझ्याकडे पाठव.

ओट्यावरच्या कपाटाच्या दाराला दुसरा कागद चिकटवलाय, पहिल्याच्या खाली. एकशे तेरा चौकोन. जुना काढावा म्हटलं, पण डिंक इतका धरलाय की दारच सोलून निघालं असतं. पाच तारखेला नर्स पहिला काळा करील. तू तिला आठवण कर.

तुझ्याशी बोलायचं पुष्कळ आहे, आणि मला ते जमेल असं वाटत नाही. तू आलास तेव्हा घरी थांबायला हवं होतं मी. लॅब काही पळून जात नव्हती. पण तू दारात उभा राहशील, आणि मी दाराच्या आत असेन, हे मला पुन्हा सोसलं नसतं.

रविवारी सुट्टी असते. दुपारी येईन, फळं आणीन. माझी किल्ली मी नर्सला दिली आहे, तेव्हा बेल वाजवीन. दोनदा वाजवीन, म्हणजे मीच आहे हे कळेल. उघडायचं की नाही ते तू ठरव.

ताई